छातीवरचा माइक

"परत येतेय." सायमननं डाव्या कानावरचा हेडफोन मागे सरकवला. "टक, टक, टक. तूच ऐक."

मी ऐकलं. आण्णांचा आवाज अगदी स्वच्छ येत होता. बेसच्या बॉक्सला आतून कोणतं लाकूड लावायचं यावर ते बोलत होते, आणि त्या बोलण्याखाली कुठेतरी एक बारीक, कोरडी टकटक चालू होती. आण्णा बोलायचे थांबले की ती आणखी ठसठशीत ऐकू यायची.

"वायर गेलीय," मी म्हणाले.

"दोन बदलल्या."

"बॅटरी?"

"नवी आहे. ट्रान्समीटरपण दुसरा लावला. वृंदा, मी काय आज आलोय का या धंद्यात?"

सायमन डाबरे वसईचा. गेली सहा वर्षं माझ्या प्रत्येक कामात आवाज तोच घ्यायचा. मी कॅमेरा धरायची, तो आवाज सांभाळायचा आणि उरलेल्या वेळात आम्ही भांडायचो. युनिट म्हणून जे काही होतं ते एवढंच. त्याचे कान इतके तिखट की शेजारच्या घरात फ्रीज सुरू झाला तरी हा चालू मुलाखत थांबवायचा. आता त्यालाच दोष सापडत नव्हता, म्हणून तो पार वैतागला होता.

"आण्णा, हातात घड्याळ आहे का?" त्यानं विचारलं.

"न्हाई बा."

"खिशात काही? किल्ल्या, डबी?"

आण्णांनी, म्हणजे हिंदुराव चौगुल्यांनी, खिशातून चुन्याची डबी, दोन किल्ल्या आणि एक पाना काढून समोरच्या बॉक्सवर मांडला. "काडा, काय काय काडायचं ते. धोतार तेवढं ऱ्हाऊ द्या," ते म्हणाले. त्यांचा धाकटा भाऊ संभा मागे वायरी गुंडाळत होता, तो खुदकन हसला.

टकटक गेली नाही. सकाळचे दहा चाळीस झाले होते. सायमननं आपल्या वहीत वेळ लिहिली, पुढे 'क्लिक, कारण अज्ञात' असं लिहिलं आणि पेन्सिल कानामागे खोचली.

याला आता सतरा वर्षं झाली. तेव्हा मी तिशीची होते आणि माझ्या नावावर दोन माहितीपट होते. एक लालबागच्या बेंजो पार्ट्यांवर, दुसरा पुण्यातल्या केस वाढवून किंचाळणाऱ्या मेटल बँडच्या पोरांवर. दोन्हींचं कौतुक झालं, दोन्ही कुणी पाहिले नाहीत. ज्या संगीताला भलीभली माणसं कानावर हात ठेवून 'गोंगाट' म्हणतात, त्याच्यामागची माणसं मला ओढून न्यायची. आईच्या भाषेत सांगायचं तर मला चांगलं गाणं सोसतच नव्हतं. तिसरी फिल्म वारणेकाठच्या डीजेवाल्यांवर करायची म्हणून मी दोन महिने या गावात ये-जा करत होते. दिल्लीच्या चॅनेलनं फिल्म घ्यायचं तत्त्वतः मान्य केलं होतं, पण एका अटीवर. "तुमच्याकडे सगळं आहे," तिथली बाई फोनवर म्हणाली होती, "पण बघणाऱ्याचा श्वास अडकेल असं काहीच नाही."

श्वास अडकेल अशी गोष्ट त्या दिवशी दुपारी चार वाजता होणार होती. तिला तिकडे 'छाती देणं' म्हणतात. जत्रेच्या दुसऱ्या दिवशी मैदानावर दोन साउंडवाले आपापल्या बॉक्सच्या भिंती समोरासमोर उभ्या करतात. एकेक भिंत दोन पुरुष उंच. मग एकाच्या मालकानं अनवाणी चालत जाऊन दुसऱ्याच्या भिंतीपुढे, पाच पावलांवर मारलेल्या फक्कीच्या रेघेवर उभं राहायचं. हात खाली, कान उघडे. समोरचा एक अख्खं गाणं पूर्ण बेसवर सोडणार. पाय मागे आला तर हरला, हात कानाकडे गेला तर हरला, नाकातून रक्त आलं तरी हरला. वयानं मोठा असेल त्यानं आधी छाती द्यायची. आणि एकदा माणूस रेघेवर उभा राहिला की घरच्यांनी मैदानात पाऊल टाकायचं नाही. बायको किंवा भाऊ धावत आला तर त्या मालकानं परत भिंत उभी करायची नाही, असा रिवाज.

त्या वर्षी समोर होता रफीक मुल्ला. दहा वर्षं आण्णांच्या हाताखाली बॉक्स जोडायला शिकलेला, आता स्वतःचा साउंड काढलेला. तो आण्णांना वस्ताद म्हणायचा. आदल्या वर्षी आण्णा कावीळ झाल्यामुळे उभे राहिले नव्हते, असं गावाला माहीत होतं. यंदा त्यांच्या जागी संभा उभा राहणार असं घरात ठरलं होतं.

"संभा, जरा च्याचं बग जा," आण्णा म्हणाले. संभा गेल्यावर त्यांनी उठून गोडाऊनचं शटर अर्धं खाली ओढलं आणि परत येऊन बसले.

"पोरा, तुजं यंत्र बरं हाय," ते सायमनला म्हणाले. "वायरी बदलू नगंस आता. त्यो आवाज माजा हाय."

त्यांनी सदऱ्याची बटणं काढली. सकाळी माइक लावताना त्यांनी चिकटपट्टी आमच्या हातातून घेऊन, पाठमोरे होऊन स्वतःच बनियनच्या आत लावली होती. आम्हाला वाटलं, लाजतात. आता त्यांनी बनियन वर केलं. गळ्याच्या खड्ड्यापासून पोटापर्यंत एक सरळ जाडसर वण होता आणि त्याच्या बाजूला आमचा माइक.

"मागल्या साली मिरजंला झडप बदलली. धातूची हाय. ती उघडती-मिटती तवा वाजती." ते हसले. "चाळीस बाय चाळीसचं गोडाऊन हाणतो मी आवाजानं, आन् माजा आवाज बगा केवढासा."

मी कॅमेरा बंद केला नव्हता. हेही सांगून टाकते.

"म्हणजे आज संभा उभा राहतोय ते बरंच झालं," सायमन म्हणाला.

आण्णांनी बनियन खाली केलं. "संभा न्हाई. मी हाय."

"आण्णा."

"रफीक माज्या हातचा. त्यानं माज्याकडनं छाती घेतल्याबिगार त्याला कोण मालक म्हणंल? आन् मला तरी कोण म्हणंल? घरात मी संभा सांगितलंय. संभाला ठावं हाय, आता तुमास्नी ठावं झालं. हिला कळता कामा नये."

"डॉक्टर काय म्हणाले?" मी विचारलं.

"डाक्टर म्हणतोय गर्दीत जाऊ नगा, दचकू नगा, मोठ्या आवाजात ऱ्हाऊ नगा. आमच्या धंद्याला ह्येच सांगून उपेग काय?" मग जरा थांबून म्हणाले, "रगात पातळ करायची गोळी दिल्या, रोज. ती परवापास्नं बंद केली. त्या गोळीनं नाकातनं रगात येतंय. गेल्या म्हैन्यात नुस्तं टेस्टिंग करताना आलं. रेघंवर आलं म्हंजे संपलं की."

ते हे इतक्या साधेपणानं सांगत होते की मला आधी त्याचा अर्थच लागला नाही. सायमनला लागला असावा. तो शटरखालून बाहेर गेला आणि त्यानं बहिणीला फोन लावला. त्याची बहीण वसईला हृदयाच्या दवाखान्यात नर्स होती. दहा मिनिटांनी परत आला तेव्हा त्याचा चेहरा उतरला होता.

"ती म्हणते गोळी एक दिवससुद्धा चुकवायची नसते," त्यानं मला कोपऱ्यात घेऊन सांगितलं. "धातूवर रक्त साकळतं. मग झडप अडकते. अडकली की संपलं, दवाखान्यात न्यायलाही वेळ मिळत नाही. आज अडकेल, नाहीतर अडकणारही नाही. पण भिंतीसमोर उभं करणं म्हणजे वेडेपणा आहे म्हणाली. वृंदा, त्यांच्या बायकोला सांगायला हवं."

"सांगू या."

"आत्ता."

"सांगते. जरा वेळ बघून सांगते. त्यांनी आपल्याला शब्द मागितलाय, सायमन."

"आपण दिलेला नाही."

मला भीती वाटत होती. ती कशाची ते मला तेव्हा नीट कळत नव्हतं, म्हणून मी ती सगळी आण्णांच्या खात्यावर टाकली. हा माणूस दुपारी माझ्या डोळ्यांदेखत, माझ्या भिंगासमोर मरेल, हे डोक्यातून जात नव्हतं. कॅमेऱ्याची मूठ मी पुन्हा पुन्हा ओढणीला पुसत होते. आणि एकीकडे काम चालूच होतं. बॉक्स ट्रॉलीवर चढताना घेतले, जनरेटर घेतला, संभा भिंतीला लिंबू-मिरची बांधतो ते घेतलं. आण्णांच्या छातीवरचा माइक तसाच चालू ठेवला. मधून मधून मी हेडफोन लावून बघायची. टक, टक, टक. आण्णा ट्रॉलीच्या मागे गेले की माइकची रेडिओ लहर तुटायची आणि काहीच ऐकू यायचं नाही. ते परत समोर येईपर्यंत मी हेडफोन काढायची नाही. पूर्वी मी लहर तुटली की सायमनवर ओरडायची, त्या दिवशी एकदाही ओरडले नाही.

जेवायला आण्णांच्या घरी गेलो. त्यांच्या बायकोचं नाव आक्काताई. सडसडीत, उंच, बोलताना समोरच्याच्या खांद्यावर हात ठेवायची सवय. मी त्यांना वहिनी म्हणायची. दोन महिन्यांत त्यांनी मला माझ्या आईपेक्षा जास्त वेळा बळंबळं जेवायला घातलं होतं. त्या दिवशी चुलीवर मटणाचा रस्सा होता आणि भाकरी तव्यावरून थेट ताटात पडत होती.

"मॅडम, तुमचं ध्यान न्हाई आज," त्या म्हणाल्या.

"कामाचं टेन्शन."

"मलाबी हुतं. दर साली ह्या दिवशी माज्या पोटात अन्न जात न्हाई. ते रेघंवर उबं ऱ्हायलं की मी डोळं मिटून बसतो. यंदा संभाभाऊजी म्हणालं मी उबा ऱ्हातो, माजा जीव भांड्यात पडला बगा. गच्चीवर बसून मी पैल्यांदा बगणार डोळं उघडं ठिऊन. शेंगा भाजून घेतल्यात खायाला."

त्यांनी माझ्या ताटात आणखी एक भाकरी टाकली. सायमन समोरच बसला होता. तो जेवायचा थांबून माझ्याकडे बघत होता. मी रश्शात भाकरी चुरत राहिले. बाहेर पडल्यावर त्यानं विचारलं, "आता कोणती वेळ बघत होतीस?"

"घरात सगळे होते."

"आपण तिघं होतो, वृंदा."

तीनच्या सुमाराला मैदान भरलं. रफीक स्वतःहून माझ्याकडे आला. पस्तिशीचा, अंगानं बारीक, दाढी नीट कोरलेली. स्वतःच्या लग्नाला आला असावा तसा पांढरा शर्ट घातलेला.

"ताई, एक इचारू? वस्ताद सोता उबं ऱ्हाणार म्हणत्यात. संभानं आत्ताच सांगितलं. मला वाटलं हुतं संभाच ऱ्हाईल. त्यांची तब्येत बरी हाय न्हवं? गेल्या सालापास्नं मला जरा येगळंच वाटाय लागलंय. जिना चढताना थांबत्यात."

मी त्याच्याकडे बघितलं. माझ्या एका वाक्यावर हा माणूस बेस निम्म्यावर आणणार होता. कुणाला कळलंही नसतं, फार तर गर्दीनं शिट्ट्या मारल्या असत्या. आण्णांचा मान राहिला असता, जिवालाही धोका राहिला नसता.

"ठणठणीत आहेत," मी म्हणाले.

"मग बरं. कमी सोडलं तर त्यांना राग ईल."

तो गेला. मी आण्णांना दिलेला शब्द पाळतेय असं मी स्वतःला सांगितलं. तो मी दिलेलाच नव्हता हे सायमननं सकाळीच सांगितलं होतं.

मैदानाच्या एका कडेला दूध संस्थेची एकमजली इमारत होती. तिच्या गच्चीवर बायका बसायच्या, आणि आमचा आवाजाचा सगळा पसाराही तिथंच मांडला होता, कारण तिथून आण्णांच्या माइकची लहर सरळ मिळत होती. मोठा कॅमेरा कठड्याशी तिकाटण्यावर, रेघेकडे तोंड करून. पाण्याच्या टाकीजवळ सायमनचं टेबल. टाकीसमोर सतरंजीवर आक्काताई शेंगांचं सूप मांडीवर घेऊन बसल्या होत्या. बाकीच्या बायका पलीकडे कठड्याला टेकून उभ्या होत्या.

चारला पाच मिनिटं कमी असताना आण्णांनी वहाणा काढल्या. मोठ्या कॅमेऱ्यातून मला ते दिसत होतं. त्यांनी भुईला हात लावून कपाळाला लावला आणि चालायला लागले. संभा मागेच उभा राहिला. गर्दीतून एक मोठा हुंकार निघाला. रफीकनं पुढे होऊन त्यांच्या पायांना हात लावला आणि तो आपल्या मिक्सरमागे गेला. आण्णा रेघेवर उभे राहिले, आमच्याकडे पाठ करून.

मग मी आक्काताईंजवळ गेले आणि गुडघ्यावर बसले.

"वहिनी, संभा नाही. आण्णा स्वतः उभे राहिलेत. आणि परवापासून गोळी घेतलेली नाही त्यांनी."

त्यांच्या हातात एक शेंग अर्धी फोडलेली होती. त्यांनी मैदानाकडे बघितलं. त्यांना पाठ ओळखायला वेळ लागला नाही. सूप कलंडलं आणि त्या उठल्या. जिन्याकडे दोन पावलं टाकली आणि थांबल्या. त्या खाली गेल्या असत्या तर आण्णांच्या जिवावरचा धोका टळला असता, पण पुन्हा कधी त्यांनी भिंत उभी केली नसती. हे मला माहीत होतं तसं त्यांनाही माहीत होतं.

"तुमी बोलवा त्यास्नी," त्या म्हणाल्या. "तुमचा माइक हाय न्हवं त्यांच्या अंगावर. त्यातनं सांगा, मी बोलिवलंय म्हणून."

"त्यातून फक्त ऐकू येतं, वहिनी. बोलता येत नाही."

"मग मला ऐकू द्या."

सायमननं स्वतःच्या कानावरचा हेडफोन काढून त्यांच्या कानांवर बसवला, वरून पदर नीट केला. त्या परत सतरंजीवर बसल्या. क्षणभर त्यांच्या कपाळावरची आठी सैल झाली. "हाय," त्या म्हणाल्या. "ह्यो मला ठावं हाय. रोज उशाला असतो."

तेवढ्यात रफीकनं आवाज सोडला.

मी त्याआधी दोन महिने असल्या भिंतींपाशीच होते, पण ते इतकं कधी लागलं नव्हतं. ते कानाला ऐकू यायच्या आधी गच्चीच्या फरशीतून पायात आलं. माझ्या बरगड्या कुणीतरी आतून ढकलत होतं. सायमनच्या टेबलावरची चहाची कपबशी सरकत सरकत कडेला गेली आणि पडली, तिचा आवाज काही आला नाही. टाकीतल्या पाण्याला काटा आला होता. बायकांनी कानांत बोटं घातली. हेडफोनमध्ये आता टकटक येणं शक्यच नव्हतं, सायमननं आक्काताईंच्या कानाला इजा होऊ नये म्हणून बटण पार खाली आणलं होतं. तरी त्यांनी हेडफोन काढला नाही. त्या दोन्ही हातांनी तो कानांवर दाबून धरून, डोळे न मिटता, आण्णांच्या पाठीकडे बघत राहिल्या.

गाणं साडेसहा मिनिटांचं होतं. मी मोठ्या कॅमेऱ्याशी जाऊन आण्णांवर डोळा लावला. सदरा अंगावर थरथरत होता. पाय हलत नव्हते. चौथ्या मिनिटाला त्यांचा उजवा खांदा खाली आला. मला वाटलं, झालं. माझ्या तोंडातून काहीतरी निघालं, काय ते मलाही कळलं नाही. खांदा परत वर आला.

मग गाणं संपलं आणि एकदम काही उरलं नाही. माझ्या कानांत फक्त एक लांब शीळ. लोकांची तोंडं हलत होती, हात वर जात होते. रिवाज असा की पंचानं हात खाली करेपर्यंत उभं राहायचं. आण्णा उभे होते. पण शुद्धीत उभे होते की नुसतेच ताठरले होते, ते पाठीवरून कळत नव्हतं. सायमननं बटण भर्रकन वर चढवलं, दुसरा हेडफोन कानाला लावला आणि माझ्याकडे बघून मान हलवली. काही येत नव्हतं. मी त्याच्या हातातून तो ओढून घेतला. मलाही काही नाही, नुसती शीळ. मीटरचा काटा हलत होता, पण तो गर्दीच्या आरडाओरड्यानंही हलला असता. आमचे दोघांचे कान त्या घटकेला मेले होते. ज्या दोन माणसांचा सगळा जन्म ऐकण्यावर चालला होता, त्यांना एका माणसाचं काळीज चालू आहे की बंद, हे ऐकू येत नव्हतं.

कान गच्च झाकणारा हेडफोन लावून बसलेल्या, म्हणून कान शाबूत राहिलेल्या अशा गच्चीवर एकट्या आक्काताई होत्या.

आम्ही दोघं त्यांच्याकडे बघत राहिलो. त्यांचा चेहरा पांढरा पडला होता. ओठ जरासे उघडे, नजर कुठेच नाही. किती वेळ गेला कोण जाणे, फिल्ममध्ये तो एकोणीस सेकंद आहे. मग मांडीवरच्या त्यांच्या उजव्या हाताचं एक बोट हललं. एकदा. परत एकदा. परत. त्या स्वतःच्याच बोटाकडे बघत होत्या, आणि त्यांच्या डोळ्यांतून पाणी वाहायला लागलं.

खाली पंचानं हात पाडला. आण्णा वळले, ट्रॉलीपर्यंत आपल्या पायांनी चालत आले आणि तिच्या दांडीवर बसले. संभानं त्यांच्या हातात तांब्या दिला आणि खिशातून काढून गोळी दिली.

आक्काताईंनी हेडफोन काढून सायमनच्या हातात दिला. सांडलेल्या शेंगा सुपात भरायला लागल्या. मी मदतीला बसले.

"मॅडम, तुमाला कवा कळलं?" त्यांनी विचारलं.

"आत्ताच, वहिनी. ते रेघेकडे चालायला लागले तेव्हा."

सायमन वायर गुंडाळत होता, त्याचे हात थांबले. त्याच्या वहीत दहा चाळीसची नोंद होती. मग तो परत गुंडाळायला लागला.

"मग बरं," आक्काताई म्हणाल्या. "मला उगंच वाटलं, सकाळपास्नं ठावं हुतं का काय. तुमी सकाळीच सांगितलं असतं की मला." त्यांनी माझ्या खांद्यावर हात ठेवला आणि त्या जिना उतरून गेल्या.

सायमननं संध्याकाळी आवाजाच्या सगळ्या टेप क्रमानं लावून माझ्या हवाली केल्या आणि मिरजेची एसटी धरली. त्यानंतर त्यानं माझ्याबरोबर काम केलं नाही. मी दोनदा फोन केला, तो नीट बोलला, घरच्यांची चौकशी केली, आणि बिझी आहे म्हणाला.

फिल्म चालली. चॅनेलनं घेतली, तीन देशांत दाखवली गेली, मला पुढची कामं मिळाली ती तिच्यामुळे. आजही कुठे कार्यशाळेला बोलावतात तेव्हा मुलं त्या एका चेहऱ्याबद्दल विचारतात. ऐकणाऱ्या बाईचा चेहरा, आणि ते बोट. हा क्षण तुम्हाला कसा मिळाला? मी सांगते, नशीब. असल्या गोष्टी ठरवून मिळत नाहीत.

दुसऱ्या वर्षी मी फिल्म गावात दाखवायला घेऊन गेले. दूध संस्थेच्या हॉलमध्ये भर दुपारी खिडक्यांना घोंगड्या लावून पडदा टांगला. पहिल्या रांगेत आण्णा, रफीक, संभा, आणि बायकांच्या बाजूला आक्काताई. आण्णांना आपली भिंत मोठ्या पडद्यावर बघून इतका आनंद झाला की ते दर पाच मिनिटांनी मागे वळून लोकांची तोंडं बघत होते. मी मागे भिंतीला टेकून उभी होते आणि तो भाग जवळ येत होता.

तो एकच सलग शॉट आहे. मी तो कुठेच कापला नव्हता, कारण कापला असता तर त्याची ताकद गेली असती. पडद्यावर आक्काताई सतरंजीवर बसून शेंगा सोलत होत्या. मैदानाकडे बघून कुणालातरी हसून काही सांगत होत्या. दोन दाणे तोंडात टाकले. पदर सावरला. हे बराच वेळ चालतं. मग माझा आवाज येतो, "वहिनी, संभा नाही," आणि मग तो चेहरा बदलतो.

हा दुसरा, लहान कॅमेरा होता. तो मी पावणेचारला टाकीच्या कडेवर ठेवला, त्यांच्या तोंडावर धरून फोकस बांधला, लाल दिव्यावर काळी पट्टी चिकटवली आणि चालू केला. आणि मग आण्णा चालायला लागायची वाट बघत उभी राहिले.

फिल्म संपल्यावर टाळ्या झाल्या. आण्णांनी माझे दोन्ही हात हातात घेतले. लोक पांगले. आक्काताई घोंगड्या उतरवून घड्या घालत होत्या, मी दुसरं टोक धरायला गेले. आम्ही एक घडी घातली, दुसरी घातली.

"मॅडम," त्या म्हणाल्या, "त्यात मी आदी हसतोय. शेंगा खातोय. मग तुमी येऊन सांगताय."

"हो."

"म्हंजे सांगायच्या आदीच तुमी ते माज्या तोंडाकडं लावून ठिवलं हुतं."

त्यांनी माझ्या हातातलं घोंगडीचं टोक काढून घेतलं आणि उरलेली घडी एकट्यानंच घातली.

"सकाळीच ठावं हुतं तर," त्या म्हणाल्या, आणि आण्णांना पायऱ्या उतरताना हात द्यायला गेल्या.